परागंदा फ्रेंच सरदारकन्येचे चरित्र कसे लिहावे : आदेल दॉस्माँचे उदाहरण

फ्रेंच राज्यक्रांतीत देशोधडीला लागून इंग्लंडात आलेल्या सरदार घराण्यांतील एखाद्या स्त्रीचे चरित्र मराठीत लिहायचे असेल, तर नायिका निवडतानाच आपल्याला कोणते कागद वाचता येतील याचा विचार करावा. कोरिझांद द ग्रामाँ हिचे १८०६ मध्ये लॉर्ड ऑसल्स्टनशी लग्न झाले आणि पुढे टँकरव्हिलची काउंटेस म्हणून ती इंग्रज उमरावांत मिसळून गेली. तिची कथा तुलनेने सरळ आहे. आदेल दॉस्माँची तशी नाही. तिने लंडनमध्ये ज्याच्याशी लग्न केले, तो बनुआ द बॉइन म्हणजे आपल्या इतिहासग्रंथांतला डी बॉईन, महादजी शिंद्यांचे कवायती कंपू, म्हणजे युरोपीय शिस्तीच्या पलटणी, उभारणारा सेनानी होय. मराठी दफ्तरांशी ज्याचा परिचय आहे, अशा अभ्यासकाने म्हणून तिच्यापासूनच सुरुवात करावी.

पहिले काम तारीखवार टिपणाचे. आदेलचा जन्म १७८१ मध्ये व्हर्सायला झाला. तिची आई आयरिश वंशाच्या डिलन घराण्यातली आणि सोळाव्या लुईची आत्या मादाम आदेलाईद हिच्या सेवेतली होती. क्रांतीनंतर हे कुटुंब इटलीत गेले, काही काळ नेपल्सच्या राणीच्या आधारावर राहिले आणि तेथून इंग्लंडला आले. लग्न ११ जून १७९८चे. वधू सतरा वर्षांची, वर सत्तेचाळीस वर्षांचा. तारखा जुळवताना तीन कालगणना समोर येतात. इंग्लंडातील कागदांवर आजचीच दिनदर्शिका असते. १७९३च्या अखेरीपासून १८०५ संपेपर्यंतच्या फ्रेंच सरकारी कागदांवर प्रजासत्ताकाची नवी दिनदर्शिका असते. आणि डी बॉईनच्या मोहिमांविषयीच्या मराठी पत्रांत ‘छ’ या अक्षरापुढे मुसलमानी तारीख असते. मूळ तारीख आणि तिचे रूपांतर ही दोन्ही टिपणात शेजारी शेजारी लिहावीत. नुसते रूपांतर लिहिले तर पुढे चूक सापडत नाही.

त्यानंतर कायदा समजून घ्यावा, कारण त्यावाचून हे लग्न केवळ विचित्र वाटते. मार्च १७९३च्या फ्रेंच कायद्याने देश सोडून गेलेल्यांना कायमचे हद्दपार करून कायद्यापुरते मृत ठरवले आणि त्यांची मालमत्ता प्रजासत्ताकाकडे घेतली. त्याच वर्षी ब्रिटनमध्ये परकीयांची नोंदणी सक्तीची झाली. नेपोलियनच्या राजवटीत १८०२ साली सर्वसाधारण माफी मिळाली खरी, परंतु १७९८ साली लंडनमध्ये भाड्याच्या घरात दिवस काढणाऱ्या आदेलच्या वडिलांना, मार्क्विस दॉस्माँना, ती दिसत नव्हती. विवाहाची नोंद शोधताना आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. इंग्लंडात त्या काळी क्वेकर आणि यहुदी वगळता कोणाचेही लग्न इंग्रजी चर्चमध्ये झाल्याशिवाय कायदेशीर ठरत नसे, म्हणून कॅथलिक कुटुंबे पुष्कळदा दोन विधी करीत. एका नोंदवहीत नाव मिळाले म्हणून शोध थांबवू नये.

आता सर्वांत अवघड साधनाकडे वळू. आदेलने आपल्या आठवणी १८३५ मध्ये लिहायला घेतल्या आणि त्यांना ‘एका आत्याच्या हकिकती’ अशा अर्थाचे घरगुती नाव दिले. १८६६ मध्ये ती वारली आणि त्या छापून आल्या १९०७ पासून. म्हणजे लग्नाचा प्रसंग घडला तेव्हा ती सतरा वर्षांची होती, आणि तो सांगते आहे ती पन्नाशी ओलांडलेली, दरबार आणि राजकारण जवळून पाहिलेली बाई. ती लिहिते की, आपल्याला तुमच्याविषयी प्रेम नाही, आईवडिलांच्या पुढच्या आयुष्याची सोय होणार असेल तरच आपण होकार देऊ, असे तिने वराला लग्नाआधी स्वतः सांगितले. हा भाग सविस्तर घ्यावा, कारण तो तिच्या स्वतःच्या वर्तनाविषयी आहे आणि त्यात तिने स्वतःला फारसे सजवलेले नाही. नवऱ्याने आपले कूळ आणि पूर्वायुष्य लपवले, अफूने तो खंगला होता, ही विधाने मात्र ‘तिच्या म्हणण्याप्रमाणे’ या शब्दांशिवाय देऊ नयेत. तो सॅव्हॉयमधील शांबेरीचा, जन्मनाव लबॉर्न्य, हे खरे आहे. परंतु अयशस्वी लग्नातील एका पक्षाची कैफियत म्हणजे निकाल नव्हे. मराठीत बखरी वाचताना आपण जी सावधगिरी बाळगतो, तीच येथे लागते.

दुसऱ्या पक्षाचे कागद आपल्याकडे आहेत, आणि मराठी लेखकाने खरा वेळ येथे द्यावा. डी बॉईन १७८४ मध्ये महादजींच्या चाकरीत आला. १७९० मधील राजपुतान्यातल्या पाटण आणि मेडत्याच्या लढाया व १७९३ची होळकरांविरुद्धची लाखेरीची लढाई त्याच्या पलटणींनी गाजवली. फौजेच्या खर्चासाठी गंगा-यमुनेच्या दुआबातले परगणे त्याला लावून दिले होते, आणि लखनौमध्ये क्लोद मार्तँ या फ्रेंच माणसाबरोबर त्याचा व्यापारही चाले. फेब्रुवारी १७९४ मध्ये महादजी पुण्याजवळ वानवडीला वारल्यावर त्याने पुढच्या वर्षाच्या अखेरीस चाकरी सोडली. दॉस्माँ कुटुंबाला तारणारा पैसा आला तो या वाटेने. त्याला सरसकट ‘लूट’ म्हणणे जितके सोपे, तितकेच नुसते ‘नवऱ्याची संपत्ती’ म्हणून पुढे जाणेही सोपे. वसूल, पगार आणि व्यापार यांचा हिशेब जेवढा मिळेल तेवढा वेगवेगळा मांडावा.

याच हिशेबात नूर बेगम येते. ती डी बॉईनची हिंदुस्थानातील जोडीदार आणि त्याच्या दोन मुलांची आई. त्याच्याबरोबर ती इंग्लंडला आली, हेलन बेनेट या नावाने ओळखली जाऊ लागली आणि आदेलशी त्याचे लग्न झाले तेव्हा तेथेच होती. ससेक्समध्ये हॉर्शमजवळ ती १८५३ पर्यंत जगली. तिला तळटीपेत ढकलू नये. लग्नाच्या प्रकरणातच तिला जागा द्यावी, कारण त्या वर्षी एकाच पुरुषावर अवलंबून असलेल्या दोन परागंदा स्त्रिया इंग्लंडात होत्या, आणि आदेलचीच कैफियत तेवढी ग्रंथरूपाने छापली गेली.

शेवटी कोणत्या भागाला किती जागा द्यावी, त्या प्रमाणाचा विचार करावा. आदेल आणि डी बॉईन यांचा एकत्र संसार लवकरच मोडला. १८०४ मध्ये ती फ्रान्सला परतली, वडील १८१५ ते १८१९ लंडनमध्ये राजदूत असताना पुन्हा इंग्लंडात राहिली, नेपल्सपासून ओळख असलेली मारी-अमेली १८३० मध्ये फ्रान्सची राणी झाली तेव्हा आदेलच्या दिवाणखान्याचे वजन आणखी वाढले. चरित्राचा निम्मा भाग लग्नाने व्यापला असेल तर तो छाटावा. काउंट हा किताब डी बॉईनला पुढे सार्डिनियाच्या राजाकडून मिळाला, म्हणून १७९८च्या प्रकरणात तिला काउंटेस म्हणू नये. आणि १८३० मध्ये शांबेरीला तो वारल्यावर नाव व वारसा नूरचा मुलगा शार्ल आलेक्सांद्र याच्याकडे गेला, हे वाक्य मजकुरात आहे की नाही, ते छापण्यापूर्वी एकदा पाहून घ्यावे.