बतावणी पाहिलेल्या पोरांसाठी: खान्देशातून टीव्हीच्या स्किटपर्यंत

मी चोपडा तालुक्यातला. गावच्या जत्रेत तमाशा यायचा. गण-गवळण आटोपली की आम्ही पोरं बतावणीसाठी पुढे सरकून बसायचो. सोंगाड्या, त्याच्यासमोर एखादा शहाणा गडी आणि दोघांत एकच वाद. नेपथ्य काही नाही, तरी माणसं पोट धरून हसायची. पुढे टीव्हीसाठी लिहायला लागलो तेव्हा लक्षात आलं की स्किटची बांधणी जवळपास तीच आहे. म्हणून खान्देशातून कुणी या कामात यायचं म्हणतो तेव्हा मी पहिल्यांदा विचारतो, बतावणी पाहिली आहेस का?

कॉलेजात असाल तर युवारंग सोडू नका. जळगावच्या विद्यापीठाच्या या महोत्सवात प्रहसन असतं. युवक महोत्सवात प्रहसनाला सहा कलाकार आणि 10 मिनिटं मिळतात. त्या 10 मिनिटांनी मला जे शिकवलं ते नंतर कुठल्याच कार्यशाळेत मिळालं नाही. पहिल्या मिनिटात कोण कोणाचा कोण हे कळलं नाही, तर उरलेली नऊ फुकट जातात. राज्य नाट्य स्पर्धेच्या जळगाव केंद्रावरची नाटकंही बघत चला. पडलेलं नाटक जास्त लक्ष देऊन बघा.

2014 मध्ये ‘चला हवा येऊ द्या’ आणि 2018 मध्ये ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’ सुरू झाली. दर आठवड्याला नवी स्किटं लागायला लागली आणि लिहिणाऱ्यांची गरज वाढली. मी मुंबईत आलो तो अभिनयासाठी. ऑडिशनला माझं बोलणं ऐकून मला गावाकडचा माणूस म्हणून उभं करायचे. पोस्टमन, रखवालदार, दोन वाक्यं. ती दोन वाक्यंही दुसऱ्याने लिहिलेली, आणि त्यात अहिराणीच्या नावाखाली कसलीतरी वेडीवाकडी मराठी. ते मला सोसेना. मी लिहायला बसलो तो त्या रागातून.

आता मुद्द्याचं सांगतो. बोलीवर हशा घेऊ नका. नुसतं ‘काबर रे भो’ म्हटलं की प्रेक्षक एकदा हसतो, दुसऱ्यांदा ओळखीचं म्हणून हसतो, तिसऱ्यांदा गप्प बसतो. आणि तोवर आपण आपल्या आईच्या भाषेला खेळणं करून बसलेलो असतो. हशा पात्राच्या गरजेतून आला पाहिजे. माझं एक स्किट उदाहरणाला घेतो. अधिक महिना, जावई वाणाला आलेला, खापरावरची पुरणपोळी वाढली जातेय. सासऱ्याला जावयाकडे त्याला उसने दिलेले पैसे परत मागायचेत. पण त्या दिवशी जावयाचा मान! तोंडातून पैशाचा विषय निघायला आणि सासूने ‘आखो एक ल्या ना’ म्हणत पोळी टाकायला एकच गाठ. सासरा तीनदा विषय काढतो आणि दर वेळी अडचण आधीपेक्षा मोठी होते. मग उलटतं: जावई वाणाबरोबर आणखी पैसे मागायलाच आलेला असतो. यात शाब्दिक कोटी एकही नाही. सासऱ्याला काय हवंय हे पहिल्या पानावर कळतं आणि ते मागता येत नाही, एवढ्यावर सगळं चालतं.

बोली मात्र भरपूर वापरा, अर्थ प्रसंगातून कळेल अशी. हातात पिशवी घेऊन निघालेल्याला कुणी ‘कथा जाई ऱ्हायना?’ विचारलं, तर सोलापूरच्या माणसालाही ते समजतं. यावल-रावेरकडची लेवा बोली वेगळी, धुळ्याकडची अहिराणी वेगळी. दोन्हींची खिचडी केलीत तर बाहेरच्याला कळणार नाही, पण घरच्यांना लगेच कळेल, आणि त्यांना वाईट वाटेल. मी अजूनही शंका आली की मावशीला फोन लावून वाक्य म्हणून दाखवतो.

कामाचं रोजचं रूप असं: आधी विषय सांगायचा, तो पास झाला की आठ-दहा पानं लिहायची. मग रीडिंग. तिथे कलाकार वाचतात आणि दिग्दर्शक सूचना देतो. अर्धं स्किट तिथेच बदलतं. तालमीत नट वाक्य फिरवतो, तेव्हा पेन काढू नका, आधी ऐका. त्याच्या तोंडात बसलेलं वाक्य बहुतेक वेळा आपल्या कागदावरच्यापेक्षा बरं असतं. शूटिंगच्या दिवशी प्रेक्षकांच्या बाजूला उभे राहा. हशा कुठे आला आणि कुठे येता येता थांबला, हे मॉनिटरवर कळत नाही. लिहिणाऱ्यांनी थोडा अभिनय केलेला असावा असं माझं ठाम मत आहे. पॉज म्हणजे काय ते उभं राहिल्याशिवाय कळत नाही.

पैशाचं सांगायलाच हवं, कारण घरचे तेच विचारतात. पेमेंट बहुधा काम झाल्यावर दोन-तीन महिन्यांनी येतं आणि त्यातून 10 टक्के टीडीएस, म्हणजे आधीच घेतलेला आयकर, कापला जातो. म्हणजे येताना किमान चार महिन्यांचं भाडं आणि खाणं गाठीशी हवं. पॅन कार्ड, बँक खातं तयार ठेवा आणि दर वर्षी रिटर्न भरा. कापलेले पैसे परत मिळू शकतात.

सुरुवातीला माझी दोन स्किटं टीव्हीवर लागली तेव्हा श्रेयनामावलीत माझं नाव नव्हतं. मी पानं मीटिंगमध्ये हातात दिली होती, माझ्याकडे कसलाच पुरावा नव्हता. दोन्ही रात्री मी जेवलो नाही. तेव्हापासून पान पाठवायचं ते ईमेलनेच, आणि मोठं काम असेल तर आधी स्क्रीनरायटर्स असोसिएशन या लेखकांच्या संघटनेकडे नोंदवून. नुसत्या कल्पनेवर कॉपीराइट नसतो, लिहिलेल्यावर असतो. त्यामुळे चहाच्या टपरीवर सगळा विषय सांगून मोकळं होऊ नका, आधी संवादांसकट लिहा. करारात नाव कुठे आणि कसं येणार ते वाचा. वाचायला एक दिवस मागितला तर काम जात नाही. मी आता दर वेळी मागतो, आणि आजवर कुणी नाही म्हटलेलं नाही.