मित्राच्या चालू माइनक्राफ्ट वर्ल्डमध्ये कसं शिरायचं

‘वर्ल्ड चालू आहे, ये लवकर’ असा मेसेज आला की खरं तर दोन मिनिटांत तुम्ही आत असायला हवं. प्रत्यक्षात तासभर स्क्रीनशॉटांची देवाणघेवाण चालते, कोणीतरी एखाद्या व्हिडिओची लिंक टाकतं, होस्ट (ज्याच्या कॉम्प्युटरवर वर्ल्ड चालू आहे तो) बिचारा राउटरच्या सेटिंगमध्ये हरवतो आणि बाकीचे तोवर लोखंड खणून, चिलखत घालून तयार असतात. यातला बराचसा मनस्ताप चुकीच्या सल्ल्यामुळे होतो. परदेशात बसलेल्या कोणीतरी त्याच्याकडच्या इंटरनेटसाठी सांगितलेली कृती आपल्याकडच्या बऱ्याच घरगुती ब्रॉडबँडवर चालतच नाही, आणि का चालत नाही हे सांगायची तसदी कोणी घेत नाही.

हा लेख मुख्यतः कॉम्प्युटरवरच्या जावा एडिशनबद्दल आहे, कारण रडगाणं तिथलंच असतं. मोबाइल, एक्सबॉक्स, प्लेस्टेशन यांवर जे चालतं ते बेडरॉक. तिथे दोघांची गाठ घालून द्यायचं काम मायक्रोसॉफ्टची सेवा करते. एकमेकांना फ्रेंड करा, मित्राचं वर्ल्ड यादीत दिसलं की जॉईन दाबा, संपलं. लहान मुलाच्या खात्यावरून जमत नसेल तर इंटरनेटला दोष देऊ नका. पालकांच्या खात्यातून मल्टिप्लेयरची परवानगी दिलेली नसते, तेवढी द्या.

१. एडिशन आणि व्हर्जन जुळवा

जावावाला आणि बेडरॉकवाला एका वर्ल्डमध्ये थेट भेटत नाहीत. जून २०२२ पासून कॉम्प्युटरवर दोन्ही एडिशन एकत्रच विकत मिळतात, तेव्हा आपण नक्की कुठली उघडली आहे ते बघा. व्हर्जनचा आकडा सुरुवातीच्या स्क्रीनवर खाली डाव्या कोपऱ्यात असतो. होस्टचा आकडा आणि तुमचा आकडा शेवटच्या टिंबापर्यंत सारखा हवा. नसेल तर लाँचरमध्ये ‘इन्स्टॉलेशन्स’मधून तेच व्हर्जन निवडून नवीन इन्स्टॉलेशन बनवा. होस्टने नवीन वस्तू किंवा प्राणी आणणारे मॉड टाकले असतील तर तेच मॉड तुमच्याकडेही लागतील.

२. होस्टने वर्ल्ड उघडायचं

एस्केप, मग ‘ओपन टू लॅन’. चॅटमध्ये पोर्टचा, म्हणजे कॉम्प्युटरच्या ज्या दारावर गेम बाहेरच्यांची वाट बघतो त्याचा, पाच आकडी नंबर येतो, तो लिहून घ्या. हा नंबर दर वेळी बदलतो. १.१९.३ पासून त्याच स्क्रीनवर तो आपल्या मनाने टाकता येतो, म्हणून होस्टला एकच नंबर धरून ठेवायला सांगा. २५५६५ टाका, जावा सर्व्हरचा तो ठरलेला पोर्ट आहे.

दोघं एकाच घरात, एकाच वायफायवर असाल तर वर्ल्ड तुमच्या मल्टिप्लेयरच्या यादीत आपोआप दिसतं. हॉस्टेलच्या किंवा पाहुण्यांसाठीच्या गेस्ट वायफायवर मात्र बऱ्याचदा दिसत नाही, कारण तिथे एका उपकरणाला दुसऱ्याशी बोलायला मुद्दामच मनाई केलेली असते. एका मोबाइलचा हॉटस्पॉट चालू करून दोघंही त्यावर या.

३. दुसऱ्या घरातून जोडणं

आता मुख्य दुखणं. यावर मिळणारा ठरावीक सल्ला असा: राउटरमध्ये जा, पोर्ट फॉरवर्ड करा (त्या पोर्टवर बाहेरून येणारं तुमच्या कॉम्प्युटरकडे वळवा), मित्राला तुमचा आयपी, म्हणजे इंटरनेटवरचा पत्ता, द्या. सल्ला चुकीचा नाही, पण अर्धवट आहे. तो चालायला तुमच्या राउटरकडे स्वतःचा, बाहेरून दिसणारा आयपी पत्ता असावा लागतो, आणि आपल्याकडे बऱ्याच घरगुती जोडण्यांना तो नसतो.

कारण साधं आहे. जुन्या पद्धतीचे आयपी पत्ते जगात सुमारे ४२९ कोटीच आहेत आणि त्यांचा मध्यवर्ती साठा फेब्रुवारी २०११ मध्येच वाटून संपला. मग कंपन्या अनेक ग्राहकांना मिळून एकच पत्ता देऊ लागल्या. याला सीजीनॅट म्हणतात. बाहेरून आलेलं पार्सल सोसायटीच्या गेटपर्यंत येतं, पण त्यावर फ्लॅट नंबर नसतो आणि वॉचमन ते परत पाठवतो, तसं तुमच्या मित्राच्या जोडणीचं होतं. तुम्ही स्वतःच्या राउटरमध्ये कितीही पोर्ट उघडा, पार्सल तुमच्या दारापर्यंत पोचतच नाही.

म्हणून राउटरला हात लावण्याआधी होस्टने दोन आकडे ताडून बघायचे. पहिला राउटरच्या पानावरचा. ब्राउझरमध्ये १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१ टाका (नेमका पत्ता आणि पासवर्ड बहुतेक वेळा राउटरच्या खालच्या स्टिकरवर असतो) आणि ‘वॅन’ किंवा ‘इंटरनेट’ नावाच्या रकान्यातला आयपी वाचा. दुसरा आकडा म्हणजे गूगलला ‘माझा आयपी काय’ असं विचारल्यावर जो येतो तो. दोन्हींत टिंबं असलेलाच पत्ता बघा. लांबलचक, विसर्गासारखी चिन्हं असलेला पत्ता दिसला तर तो नव्या पद्धतीचा, तो इथे धरू नका. दोन्ही आकडे सारखे असतील तर तुम्ही नशीबवान, पोर्ट फॉरवर्डिंग चालेल. वेगळे असतील, आणि त्यातही राउटरवरचा आकडा १००.६४ ते १००.१२७ यांपैकी कशाने सुरू होत असेल, तर तुम्ही सीजीनॅटमागे आहात. हा पट्टा २०१२ मध्ये खास याच कामासाठी राखून ठेवला गेला. राउटरवर १० किंवा १९२.१६८ ने सुरू होणारा आकडा दिसला तरी तात्पर्य तेच: तुमच्या राउटरच्या पुढे आणखी एक राउटर बसलेला आहे.

हे तपासायला पाच मिनिटं लागतात. न तपासता लोक अख्खा शनिवार घालवतात, हे मी इतक्यांदा पाहिलंय की आता मला कोणी ‘पोर्ट फॉरवर्ड केलाय पण चालत नाही’ म्हणालं, की मी पुढचं काही ऐकण्याआधी हे दोन आकडे मागतो. कस्टमर केअरला फोन करूनही फारसं हाती लागत नाही. ‘राउटर बंद करून चालू करा सर’ याच्या पलीकडे गाडी जात नाही. विचारायचंच असेल तर थेट ‘स्टॅटिक आयपी (फक्त आपला, न बदलणारा पत्ता) मिळेल का, महिन्याला किती’ एवढंच विचारा.

या टप्प्यावर हमखास मिळणारे दोन सल्ले आहेत, दोन्ही कानाआड करा. एक, विंडोजची फायरवॉल बंद करा. दोन, राउटरमध्ये डीएमझेड (बाहेरून येणारं सगळंच एका कॉम्प्युटरकडे वळवणारी सोय) चालू करा. सीजीनॅट असेल तर दोन्हींचा शून्य उपयोग. सीजीनॅट नसेल तर डीएमझेडमुळे तुमचा कॉम्प्युटर अख्ख्या इंटरनेटसमोर उघडा पडतो. फायरवॉलचं काम एवढंच: पहिल्यांदा वर्ल्ड उघडताना ‘ओपनजेडीके प्लॅटफॉर्म बायनरी’ अशा विचित्र नावाने एक खिडकी येते, ते माइनक्राफ्टच आहे, तिला परवानगी द्या. घाबरून ‘कॅन्सल’ दाबलं असेल तर फायरवॉलच्या यादीत जाऊन ती पुन्हा द्यावी लागते. घरचं वायफाय विंडोजने ‘पब्लिक’ धरलं असेल तर ते ‘प्रायव्हेट’ करा.

मग सीजीनॅटमागून उपाय काय? ओळखीची मंडळी असतील तर टेलस्केल नावाचं सॉफ्टवेअर. होस्ट आणि येणारा, दोघांच्या कॉम्प्युटरवर ते टाका, आपापल्या खात्याने आत या, होस्टने आपलं मशीन मित्राशी शेअर करायचं. मोफत प्लॅन एवढ्याला पुरतो. दोन मशीन जणू एकाच घरात आहेत असं जाळं तयार होतं आणि राउटरला हात लावावा लागत नाही.

इथे लोक दोन ठिकाणी अडकतात. पहिलं, टेलस्केलने दिलेला पत्ताही १०० नेच सुरू होतो, कारण तेही तोच राखीव पट्टा वापरतं. तो बघून ‘हे तर सीजीनॅट’ म्हणून हात टेकू नका, हाच पत्ता मित्राला द्यायचा आहे. दुसरं, आणि जास्त छळणारं: सगळं नीट जोडलेलं असूनही वर्ल्ड यादीत दिसत नाही. दिसणारही नाही. घरच्या वायफायवर माइनक्राफ्ट ‘मी इथे आहे’ अशी हाळी सगळ्यांना एकदम घालत असतं, ती हाळी टेलस्केलमधून पलीकडे जात नाही. यादीकडे बघत बसू नका. मल्टिप्लेयरमध्ये ‘डायरेक्ट कनेक्शन’ उघडा, होस्टचा टेलस्केल पत्ता टाका, मग मध्ये जागा न सोडता विसर्गासारखं ते चिन्ह, मग पोर्ट नंबर. तो पोर्ट विसरला की सगळं मुसळ केरात.

अनोळखी लोकांना बोलवायचं असेल तर टेलस्केल अजिबात नको, आपल्या मशीनची वाट परक्याला कशाला दाखवायची? तिथे प्लेइट डॉट जीजीसारखा टनेल बरा. तो फक्त होस्टकडे चालतो आणि बाहेरच्यांना द्यायला एक पत्ता मिळतो, येणाऱ्याला काही टाकावं लागत नाही. पण पत्ता ज्याच्या हातात पडेल तो आत येऊ शकतो आणि ‘ओपन टू लॅन’ने उघडलेल्या वर्ल्डला व्हाइटलिस्ट (आत येऊ द्यायच्या नावांची यादी) नसते. म्हणून परके येणार असतील तर अधिकृत साइटवरून सर्व्हरची फाइल घेऊन वेगळा सर्व्हर चालवा आणि व्हाइटलिस्ट पहिल्या दिवसापासून चालू ठेवा.

खिशातून पैसे काढायची तयारी असेल तर भाड्याचा सर्व्हर घ्या, मुंबईतल्या डेटा सेंटरचा. पुण्या-नाशिकच्या खेळाडूंना तो हाकेच्या अंतरावर. एखादा अमेरिकेतून खेळत असेल तर त्याचा पिंग (निरोप जाऊन परत यायला लागणारा वेळ) साधारण २०० मिलिसेकंद किंवा वर राहील. घरं बांधायला, शेती करायला त्याने काही बिघडत नाही. तलवारबाजीत मात्र तो मार खाणार, हे त्याला आधीच सांगा.

४. एरर वाचा

लोक एररचा स्क्रीनशॉट पाठवतात पण वाचत नाहीत. ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ म्हणजे तुम्ही मशीनपर्यंत पोचलात पण त्या पोर्टवर कोणी ऐकत नाहीये. पोर्ट नंबर चुकला किंवा होस्टने वर्ल्ड उघडलंच नाही. ‘कनेक्शन टाइम्ड आउट’ म्हणजे तुमचा निरोप वाटेत गडप झाला: सीजीनॅट, फायरवॉल किंवा चुकीचा पत्ता. या दोहोंचे उपाय एकमेकांच्या कामाचे नाहीत. ‘इनव्हॅलिड सेशन’ आलं तर गेम आणि लाँचर दोन्ही बंद करून पुन्हा उघडा. व्हाइटलिस्टचं आलं तर होस्टला तुमचं गेममधलं नाव अक्षरन् अक्षर कळवा.

आणखी एक. पोर्ट फॉरवर्ड केल्यावर होस्टने स्वतःच्याच बाहेरच्या आयपीवरून आत येऊन चाचणी करू नये. अनेक राउटर घरातून घरातच असा वळसा घेऊ देत नाहीत. बाहेरच्या कोणाला तरी करून बघायला सांगा.

५. आत गेल्यावर

तुम्ही वर्ल्डच्या सुरुवातीच्या जागी उतरता, मित्रांचं घर तिथून दोन-तीन हजार ब्लॉक लांब असू शकतं. एफ३ दाबून एक्स आणि झेड बघा, मित्राला त्याचे विचारा आणि चालू लागा. २०२५ च्या १.२१.६ पासून खाली लोकेटर बारवर इतर खेळाडूंची दिशा रंगीत ठिपक्यांनी दिसते, त्यामुळे हे सोपं झालंय. मित्राने कमांडने ओढून घेतलं तर उत्तमच.

रात्री आत शिरलात तर एक लक्षात ठेवा. रात्र सरायला सगळ्यांनी झोपावं लागतं. बाकीचे चार जण पलंगावर पडलेत आणि तुम्ही बाहेर झाडं तोडताय, तर तुमच्या एकट्यामुळे सगळ्यांची रात्र अडते. नवीन माणसाकडे पलंग नसतोच, म्हणून होस्टने ‘प्लेयर्स स्लीपिंग पर्सेंटेज’ हा गेमरूल (किती टक्के खेळाडू झोपले की रात्र सरेल ते ठरवणारं सेटिंग) ५० वर आणून ठेवावा.

दुसऱ्याच्या पेटीतलं न विचारता घेऊ नका, भाकरीसुद्धा नाही. पहिल्या दिवशी अनोळखी दिशेला दूरवर पळत सुटू नका, नवीन प्रदेश तयार करताना होस्टच्या मशीनचा जीव जातो आणि सगळ्यांना लॅग येतो.

परक्या सर्व्हरवर पहिला ब्लॉक फोडलात आणि तो लगेच परत जागेवर आला, तर तो लॅग नसावा. सुरुवातीच्या जागेभोवती ३३ बाय ३३ ब्लॉकचा चौकोन मूळ सेटिंगमध्ये राखीव असतो, थोडं पुढे जाऊन फोडा. काही सर्व्हरांवर सोन्याचं फावडं घेऊन जमीन आपल्या नावावर करता येते. तशी सोय असेल तर घर बांधण्याआधी ते करा.

आणि होस्टला झोपायला जाण्याआधी सांगायला लावा. ‘ओपन टू लॅन’चं वर्ल्ड त्याने बंद केलं की सगळे एका क्षणात बाहेर फेकले जातात. तुमचं सामान जिथल्या तिथे जपलेलं राहतं, पण पुन्हा आत येताच तुम्ही त्याच जागी उभे असता, म्हणून त्याआधी चार भिंतींच्या आत जा.