कोकण किनाऱ्यावरची ऐतिहासिक रहस्यकथा कशी लिहावी: आधी पंचांग, मग खून

माझ्या पहिल्या खर्ड्यात खोताच्या कारकुनाचं प्रेत अष्टमीच्या मध्यरात्री भरतीबरोबर मालवणच्या किनाऱ्याला लागलं होतं. साल १८९०च्या आसपासचं. कंदील, पाऊस, कुत्र्यांचं भुंकणं, सगळं जमून आलंय असं मला वाटत होतं. शेजारच्या म्हाताऱ्या तांडेलांना (तांडेल म्हणजे होडीवरचा म्होरक्या) ते पान वाचून दाखवलं. त्यांनी विडी खाली ठेवली आणि म्हणाले, "अष्टमीक बारा वाजता भरती खय येता रे? दर्या काय तुझ्या बापाशीचो?"

कादंबरी तिथेच बुडाली. पण जुन्या काळातली गुन्हेकथा कशी रचायची ते मला त्याच वाक्यातून कळलं. आपण आधी खून ठरवतो आणि मग त्याला जुने कपडे घालतो. क्रम उलटा हवा. आधी वर्ष, महिना आणि तिथी पक्की करायची आणि त्या दिवशी त्या गावात काय शक्य होतं ते पाहायचं. खून त्यातूनच सुचतो.

वर्ष निवडा, आणि त्याच्या दोन्ही कडा तपासा

"ब्रिटिश काळ" हे वर्ष नव्हे. १८५५ मधलं कोकण आणि १९१५ मधलं कोकण यांत तपासाच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचा फरक आहे. भारतीय दंडसंहिता १ जानेवारी १८६२ पासून लागू झाली, पुराव्याचा कायदा १८७२ चा. मनीऑर्डर १८८० मध्ये सुरू झाली. बोटांच्या ठशांची कचेरी कलकत्त्यात १८९७ मध्ये उघडली. सांडलेलं रक्त माणसाचं की बकऱ्याचं हे खात्रीने सांगणारी चाचणी १९०१ ची. म्हणून १८९० मधल्या फौजदाराला कोयत्यावर रक्त सापडलं आणि आरोपी म्हणाला, "काल कोंबडं कापलं", तर सूक्ष्मदर्शकातून फार तर रक्त कोंबड्याचं नाही एवढं कळेल, कारण पक्ष्याच्या रक्तपेशी वेगळ्या दिसतात. तो "बकरं कापलं" म्हणाला तर मात्र फौजदार अडकला. ही अडचण कथेला फार उपयोगाची आहे, ती सोडू नका.

जागांच्या नावांचंही तेच. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी झाला. त्याआधी मालवण, वेंगुर्ला, देवगड सगळं रत्नागिरीत, आणि आजचा रायगड म्हणजे कुलाबा. ब्रह्मदेशचा पदच्युत राजा थिबा १८८६ मध्ये रत्नागिरीला आला आणि १९१६ मध्ये तिथेच वारला. पण ज्याला आपण थिबा राजवाडा म्हणतो तो १९१०च्या सुमाराचा. १८९५ च्या कथेत तुमचा हेर त्या राजवाड्याच्या गच्चीवर उभा राहिला, तर रत्नागिरीकर वाचक पुस्तक मिटेल.

शिवकाळ किंवा आंग्र्यांचा काळ हवा असेल तर जरूर घ्या, पण तिथे पोलीस नाहीत हे ध्यानात ठेवा. किल्लेदार, सबनीस (किल्ल्याचे हजेरी-हिशेब ठेवणारा), गोतसभा (गावकऱ्यांची न्यायसभा), महजर (सभेचा निकाल साक्षींसह लिहिलेला कागद), निवाडपत्र ही तिथली यंत्रणा. वाद मिटेना तर दिव्य, म्हणजे उकळत्या तेला-तुपातून हाताने धातूचा रवा काढायचा. हात भाजला की नाही यावर निवाडा. दिव्याच्या आदल्या रात्री कोणी काय केलं, एवढ्यावरही एक कादंबरी उभी राहील. मला स्वतःला मात्र एकोणिसाव्या शतकाचा शेवट सोयीचा वाटतो: कायदा आला आहे, विज्ञान अजून वाटेत आहे.

तिथी काढा आणि समुद्राला साक्षीला बोलवा

ही पायरी सर्वांत महत्त्वाची आहे. किनाऱ्यावरच्या माणसाला भरतीचं गणित तोंडपाठ असतं: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ निघते. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहाला, पौर्णिमेला सव्वाअकराच्या सुमारास. अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो. दुसरी भरती साधारण साडेबारा तासांनी, आणि रोज वेळ पाऊण तासाहून थोडी जास्त पुढे सरकते. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण, अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे पाणी जेमतेम चढतं. थोडक्यात, माझ्या अष्टमीच्या मध्यरात्री ओहोटी होती, आणि भांगाच्या पाण्याने ते प्रेत वाळूवर एवढ्या वर आणलंच नसतं.

आता हीच चूक उलटी करून पाहा. प्रेत वर सापडलंय, पाणी तिथवर येत नाही, म्हणजे ते कोणीतरी उचलून ठेवलं. चुकीतून सुगावा मिळाला! दुसऱ्या खर्ड्यात मी हेच केलं.

चंद्राचा उपयोगही असाच होतो. वद्य दशमीला रात्री दहा वाजता "चांदण्यात मी त्याला ओळखलं" असं साक्षीदार म्हणत असेल तर तो खोटं बोलतोय. त्या रात्री चंद्र मध्यरात्र उलटून गेल्यावर उगवतो. वाचकासमोर तिथी आधीच्या प्रकरणात सहज ठेवून द्या, कोणाच्या तरी उपासाच्या निमित्ताने. तो लक्ष देणार नाही, आणि शेवटी कपाळावर हात मारेल.

जुने कागद वाचून तारीख काढत असाल तर इसवी सनासाठी शकात ७८ मिळवा, आणि जानेवारीपासून फाल्गुन संपेपर्यंतच्या दिवसांसाठी ७९. पेशवाईतल्या पत्रांत शुहूर सन असतो. तो मृगाला बदलतो, म्हणून जूनपासून डिसेंबरपर्यंत ५९९ आणि पुढे ६०० मिळवायचे. पानिपतची लढाई शुहूर ११६१ ची, म्हणजे जानेवारी १७६१. हे एकदा पडताळून पाहिलं की हात बसतो.

घड्याळावर विश्वास ठेवू नका

१ जानेवारी १९०६ रोजी देशाची प्रमाणवेळ ठरली, पण मुंबईने आपली मुंबई वेळ कित्येक वर्षं सोडली नाही. दोन्हींत ३९ मिनिटांचा फरक. त्याआधी रेल्वे आणि तारखातं मद्रास वेळेवर चालायचं, ती मुंबई वेळेच्या अर्धा तास पुढे. म्हणजे तारेवरची वेळ एक, साहेबाच्या खिशातल्या घड्याळाची दुसरी, आणि देवळातल्या घटिकापात्राची तिसरी. "मी त्या वेळी तारघरात होतो" असं सांगणारा माणूस खरं बोलूनही खुनी असू शकतो. अशी अर्ध्या तासाची फट फुकट मिळत असताना गुप्त भुयारं कशाला खणायची?

गाव बंद करा

बंद खोलीतला खून इतरत्र लिहा. कोकणात अख्खं गाव बंद करता येतं. पावसाळ्यात आगबोटी थांबत, गलबतं आणि मचवे वर ओढून शाकारले जात, नारळी पौर्णिमेपर्यंत दर्या कोणाचाच नाही. घाटावर जायचं तर फोंडा किंवा आंबा चढायचा, तोही बैलगाडीने आणि चिखलातून. आषाढात खून झाला तर खुनी गावातच असतो, आणि विषाचा संशय असलेला नमुना तपासायला मुंबईला पाठवला तर उत्तर यायला किती दिवस लागतील याचा नेम नाही. तोवर गाव एकमेकांकडे बघत बसलेलं असतं. मेमध्ये चाकरमानी येतात आणि पावसाआधी परततात. तुमचा संशयित त्या शेवटच्या आगबोटीने गेला की नाही, इथेच कथेचा अर्धा पीळ आहे.

पळवाट हवी असेल तर दक्षिणेकडे पाहा. इंग्रजी मुलूख, सावंतवाडी संस्थान आणि तेरेखोलपलीकडे पोर्तुगीजांचा गोवा, तीन हद्दी एका दिवसाच्या चालीत. खाडी ओलांडली की फौजदाराचा हुकूम संपला.

शोध कोण घेणार?

फौजदार हा सरळ पर्याय, पण तो परगावचा, आणि त्याच्यासमोर सगळे एकजात बहिरे होतात. मला दोन माणसं जास्त आवडतात. एक पोस्टमास्तर: मुंबईच्या गिरणीतून कोणाची मनीऑर्डर येते, कोणाची अचानक थांबली, कोणाची दुप्पट झाली हे त्यालाच ठाऊक. दुसरी घरात आश्रित असलेली बोडकी, म्हणजे केशवपन केलेली विधवा आत्या. ती कोणाच्याही माजघरात जाऊ शकते, तिच्यासमोर बायका बोलतात, आणि पुरुषांना ती दिसतच नाही. परसात कणेर आहे की काजरा (दोन्ही विषारी झाडं), आणि कोणाच्या हातचं कोण खात नाही, हे तिच्याइतकं कोणाला कळणार? मात्र तिला ओटीवर बोलावून सर्वांसमोर रहस्य उलगडायला लावू नका. ती आपलं म्हणणं दुसऱ्या कोणाच्या तरी तोंडून वदवेल.

शेवट कायद्यात बसवा

बहुतेक हस्तलिखितं इथे पडतात. खुनी फौजदारासमोर रडतो, कबुली देतो, कादंबरी संपते. पण १८७२च्या कायद्याच्या कलम २५ प्रमाणे पोलिसासमोरची कबुली आरोपीविरुद्ध पुरावा होत नसे. कलम २७ मात्र एवढी सूट देत असे की आरोपी कोठडीत असताना त्याच्या सांगण्यावरून एखादी वस्तू सापडली, तर तेवढा भाग ग्राह्य. म्हणून "मी मारलं" याला किंमत नाही, आणि "कोयता बावीत (विहिरीत) टाकलाय" याला आहे. बावीत पंचांसमक्ष गळ टाकला जातोय, पाऊस पडतोय, वर काहीच येत नाही: माझ्या मते कबुलीपेक्षा हा प्रसंग शंभरपट बरा. फाशी झालीच तर ती हायकोर्टाने कायम करावी लागे, एवढंही विसरू नका.

भाषा आणि सामान

सगळं जुन्या मराठीत लिहिण्याचा हट्ट धरू नका, वाचक दमतो. पण नव्या शब्दांवर पहारा ठेवा. "दिनांक" हा शब्द सावरकरांनी रूढ केला, तेव्हा १८९० च्या चिठ्ठीत "तारीख" हवी. शवविच्छेदन न म्हणता लोक "प्रेत फाडलं" म्हणत. घरात घासलेट आलं का, की अजून उंडीच्या नाहीतर करंजाच्या तेलाचा दिवा आहे, ते वर्षाप्रमाणे आणि घराच्या ऐपतीप्रमाणे ठरवा. शिलाहारांच्या काळात शिरत असाल तर मिरची आणि काजू दोन्ही विसरा, ते पोर्तुगीजांबरोबर आले.

हे सगळं सापडतं कुठे? रत्नागिरी-सावंतवाडीचं १८८० चं गॅझेटियर आणि कुलाबा-जंजिऱ्याचं १८८३ चं, ही दोन जवळ ठेवा. पिकं, बंदरं, घाटवाटा, बाजाराचे वार, सगळं त्यांत आहे. फक्त ते साहेबाच्या चष्म्यातून लिहिलंय. कुळाची बाजू हवी तर घरातली दप्तरं उघडावी लागतात, आणि त्यासाठी मोडी लिपी शिका. चार-सहा महिन्यांत खरेदीखत वाचता यायला लागतं. आमच्याच माळ्यावर एक गहाणखत निघालं, त्यातल्या साक्षीदाराची निशाणी होती नांगर. सही येत नाही म्हणून. त्या नांगराभोवती मी एक पूर्ण प्रकरण लिहिलं.

तिघांना वाचायला द्या

एक वकील, एक दर्यावर्दी, आणि जुनं स्वयंपाकघर पाहिलेली एक आजी. साहित्यातला जाणकार नंतर. जिथे तुम्ही इतिहास मुद्दाम वाकवला असेल ते शेवटी टिपणात सरळ सांगा. माझ्या टिपणात दोन गोष्टी आहेत: गावात तारघर मी काही वर्षं आधी आणलंय आणि फौजदाराची बदली लांबवली आहे. भरतीबद्दल त्यात एक ओळ नाही. ते पान तांडेलांनी दोनदा वाचून घेतलंय.