रब्बीची पेरणी उरकली, आता यंत्रावरचे क्षार उतरवा

गहू-हरभऱ्याची पेरणी संपली की ट्रॅक्टरचे पेरणी यंत्र थेट पुढच्या मृगातच आठवते. तोवर ते गोठ्याच्या आडोशाला उभे असते. खतपेटीत तळाला डीएपी चिकटलेले, फणांना वाळलेली माती आणि वर पांघरूण म्हणून युरियाची रिकामी पोती. जूनमध्ये बी-खत मोजून खाली सोडणारा रोलर फिरत नाही, पेटीच्या तळाला भोके पडलेली, मग यंत्र बनवणाऱ्याच्या नावाने बोटे मोडायची. दोष बहुतेक वेळा या सहा-सात महिन्यांच्या ठेवण्याचा असतो.

लोखंड गंजायला पाणी आणि हवेतला ऑक्सिजन दोन्ही लागतात. पाऊस गेला म्हणजे पाणी गेले, असे नाही. थंडीच्या रात्री लोखंड भोवतालच्या हवेपेक्षा गार होते आणि पहाटे त्यावर दव धरते. त्यात खत असेल तर दवाचीही गरज उरत नाही. ३० अंश सेल्सिअसला हवेतली सापेक्ष आर्द्रता ७५ टक्क्यांच्या आसपास गेली की युरिया हवेतला ओलावा ओढून पाझरू लागतो. कॅल्शियम नायट्रेट तर ५० टक्क्यांच्या आतच विरघळते. हे खारट पाणी विजेचे चांगले वाहक असते आणि गंजणे ही मुळात विजेच्या सूक्ष्म प्रवाहाने चालणारी क्रिया आहे, त्यामुळे तिला वेग येतो. म्युरेट ऑफ पोटॅश या पालाशच्या खतातला क्लोराइड त्यातही वाईट. तो खोलवर बारीक खड्डे पाडतो.

‘ऑइल मारून ठेवले होते, तरी गंजले,’ ही तक्रार म्हणूनच खरी असते. खत पाण्यात विरघळते. ऑइल, डिझेल किंवा रॉकेलमध्ये नाही. न धुता ऑइल मारले की क्षार खाली तसेच राहतात आणि वर चकाकी दिसते. चिखलाचेही तेच. मातीच्या थराखाली ऑक्सिजन कमी पोचतो, शेजारच्या उघड्या लोखंडाला जास्त मिळतो आणि या फरकामुळेच थराखालचे लोखंड झिजत जाते. ढेकूळ निघाल्यावर खाली खड्डा दिसतो तो यामुळे.

तेव्हा क्रम पाळा. आधी खतपेटी आणि नळ्या पूर्ण रिकाम्या करा, कोरड्या ब्रशने कोपरे झाडा. मग भरपूर पाण्याने धुवा. रोलर हाताने फिरवत धुतले तरच आतले खत निघते. धुवणाचे पाणी विहिरीजवळ नको, शेतात जाऊ द्या. अकोला, अमरावती, बुलडाण्याच्या खारपाणपट्ट्यात बोअरचे पाणीच खारट, तिथे शेवटचा हात गोड्या पाण्याने फिरवावा. कोकणात किनाऱ्याजवळ हवाच मीठ आणून टाकते, म्हणून तिथे ही धुलाई उन्हाळ्यात पुन्हा एकदा करा. धुतल्यावर कडक उन्हात पूर्ण वाळवा आणि त्यानंतरच ग्रीस-ऑइलला हात लावा. मातीत घासून चकचकीत झालेले फाळ, दाते, रोटाव्हेटरची पाती यांच्यावर रंग नसतो, त्यांना ग्रीसचा जाड थर हवा. इंजिनचे जळके ऑइल फुकट मिळते खरे, पण त्यात आम्ले साचलेली असतात आणि ते रबरी नळ्या-पट्ट्यांना मारक ठरते. वर्षाला थोडेसे नवे ग्रीस परवडते.

रंग उडालेल्या जागी गंजावरूनच ऑइलपेंट फासू नका. तारेच्या ब्रशने गंज खरवडा, पॉलिश पेपर मारा, पुसून कोरडे करा आणि त्याच दिवशी रेड ऑक्साइड प्रायमर लावा. एक रात्र मध्ये गेली तरी उघड्या लोखंडावर दव बसते.

यंत्र जमिनीवर टेकवू नका, विटा किंवा लाकडी ठोकळ्यांवर ठेवा. ताडपत्री घट्ट आवळली तर आत ओल कोंडते. वरून झाका, बाजू मोकळ्या ठेवा. खताची पोती पांघरूण म्हणून वापरायचीच नाहीत. आणि ठिबकच्या आम्ल प्रक्रियेचे हायड्रोक्लोरिक आम्ल किंवा ब्लीचिंग पावडर अवजारांच्या खोलीत ठेवली असेल तर ती आजच बाहेर काढा. बंद खोलीत त्यांची वाफ कुलपापासून नांगरापर्यंत सगळे लोखंड खाते.

द्राक्ष बागायतदारांसाठी वेगळे सांगायला हवे. बोर्डो हे बुरशीनाशक बनवताना मोरचूद (तांब्याचा निळा क्षार) लोखंडी टाकीत विरघळवला तर लोखंड द्रावणात उतरते आणि त्याच्या जागी तांबे बसते. टाकी जाते आणि औषधही बिघडते, म्हणून प्लॅस्टिकचीच टाकी घ्या. हाच गुण तपासणीला मात्र कामी येतो. १ टक्का बोर्डो (१ किलो मोरचूद, १ किलो कळीचा चुना, १०० लिटर पाणी) तयार झाल्यावर घासलेले विळ्याचे पाते त्यात मिनिटभर बुडवा. पात्यावर तांबूस थर आला तर मोकळे तांबे शिल्लक आहे, चुन्याची निवळी वाढवा. फवारणी झाली की पंप, लान्स (फवारणीची लांब नळी), नोझल स्वच्छ पाण्याने चालवून रिकामे करा. युरियाची फवारणी केलेला पंपही तसाच ठेवू नका, कारण युरियापासून सुटणारा अमोनिया पितळेला तडे पाडतो.

द्राक्षवेलींच्या मंडपाच्या जस्ताचा मुलामा दिलेल्या तारेवर जस्त स्वतः झिजते आणि लोखंड राखते, ओरखडा पडला तरीही. तिला मोटारीच्या वाइंडिंगची तांब्याची तार बांधलीत तर तिथले जस्त लवकर संपते. जस्ताचीच बांधणीची तार वापरा. मंडपाचा लोखंडी खांब म्हणजे अँगल जमिनीत शिरतो त्या वीतभर भागात गंज सर्वांत आधी धरतो. तिथली माती बाजूला सारून एकदा बघा. पापुद्रे निघत असतील तर खरवडून प्रायमर आणि डांबरी रंग द्या, आणि काँक्रीट पुन्हा भरताना ते जमिनीच्या वर, चहूबाजूंनी उतार देऊन घ्या, म्हणजे खांबाच्या बुडाशी पाणी थांबणार नाही.