मॅटवरून सळईच्या दुकानात

लातूरला माझं लोखंडी सळईचं दुकान आहे. त्याआधी महाराष्ट्राकडून चार रणजी सामने खेळलो, सर्वाधिक धावा ६३. गिऱ्हाईक अजून विचारतं, "तुम्ही क्रिकेटवाले ना?" आणि लगेच म्हणतं, "मग दरात जरा बघा की!"

आपल्याकडं पोरगं शिकतं ते काथ्याच्या मॅटवर. चेंडू ठरल्या उंचीनं येतो, त्यामुळं कट मारायची चटक लागते. पुण्याच्या चाचणीत टर्फवर, म्हणजे मातीच्या खेळपट्टीवर, तोच कट मारताना मी दोनदा स्लिपमध्ये गेलो. वाट बंद आहे असं नाही. जालन्याच्या विजय झोलनं २०११ मध्ये एकोणीस वर्षांखालील कूचबिहार करंडकात नाबाद ४५१ काढल्या, बीडच्या सचिन धसनं २०२४ च्या एकोणीस वर्षांखालील विश्वचषकात उपांत्य सामन्यात ९६. पण पैशाचं गणित आधीच मांडून ठेवा. बीसीसीआयनं २०२१ मध्ये मानधन वाढवलं, तेव्हा वीसपर्यंत सामने खेळलेल्याला दिवसाला ४०,००० रुपये ठरले, राखीव खेळाडूला निम्मे. चार दिवसांचे सातही साखळी सामने खेळलात तर ११ लाख २० हजार. सातही खेळलात तर, हं. आमच्या वेळी तर रक्कम बरीच कमी होती.

संघातून वगळलं तेव्हा मी अठ्ठावीसचा. नोकरीसाठी दोन वर्षं घालवली, ती वाया गेली. २०१५ च्या दिवाळीत दुकान टाकलं, माल जालन्याहून.

पहिल्याच गाडीत आपटलो. बारा एमएमची बारा मीटरची सळई वजनानं घेतली आणि नगावर विकली. महिन्यानं हिशोब जुळेना. आमचा म्हातारा हमाल म्हणाला, "दादा, एक काट्यावर टाका की." टाकली. ११ किलो भरली. सूत्र सोपं आहे, मिलिमीटरमधल्या व्यासाचा वर्ग भागिले १६२ म्हणजे मीटरला किलो. त्या हिशोबानं १०.६६ व्हायला हवी, आणि तेच धरून मी नगाचा भाव लावला होता. एवढा फरक नियमात बसतो, कारखान्याची चूक नाही. पण नगामागं ३४० ग्रॅम मी फुकट वाटत होतो, पाचशे नगांत १७० किलो! तेव्हापासून गाडी आली की प्रत्येक मापाच्या दहा सळया तोलतो, मगच नगाचा भाव काढतो.

पुढं २०१६ चा उन्हाळा. मिरजेहून रेल्वेनं लातूरला पाणी आलं ते साऱ्या देशानं पाहिलं. पाणी नाही म्हणजे काँक्रीट नाही, आणि काँक्रीट नाही तर सळई कोण नेणार? दुकानात माल पडून आणि बाहेर उधारी. "सोयाबीन आलं की देतो" हा इथला वायदा. तो खोटा नसतो, पण सोयाबीन दसरा-दिवाळीला येतं आणि बँकेचा हप्ता दर महिन्याला. त्यात आता जीएसटी. बिल फाडलं की गिऱ्हाईकानं पैसे दिले असोत-नसोत, पुढच्या महिन्याच्या वीस तारखेपर्यंत कर भरावाच लागतो. म्हणून सुरुवातीला दुकान छोटं ठेवा, पण सहा महिने गिऱ्हाईक आलं नाही तरी निभेल एवढी रक्कम बाजूला असू द्या.

आणि खेळातल्या ओळखीवर उधार देऊ नका. माझ्या वहीत २०१६ ची दोन नावं अजून उघडी आहेत. त्यातलं एक माझ्या सलामीच्या जोडीदाराचं. लग्नकार्यात भेटतो, तेव्हा तो जुन्या रनआउटचा विषय काढतो.