जुन्या मॅचेसचे आकडे कुठे सापडतात आणि ते वाचायचे कसे

ऑनलाइन गेममधल्या मागच्या मॅचेसचे आकडे कसे बघायचे असं कोणाला विचारलं की एकच उत्तर मिळतं: प्रोफाइल उघड, के/डी (किल भागिले डेथ, म्हणजे मारलेले भागिले आपण मेलेले) बघ. असं सांगणाऱ्यांनी स्वतःचे आकडे कधी बसून वाचलेले नसतात, हे माझं ठाम मत आहे. के/डी म्हणजे वार्षिक निकालाची एकूण टक्केवारी. गणितात मार खाल्ला की इंग्रजीत, हे तिच्यावरून कळत नाही. नागपुरात मानेवाड्याच्या एका तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीतून मी बरीच वर्षं खेळतोय, आणि खेळण्याइतकाच वेळ हे आकडे चाळण्यात घालवलाय. त्यातून जे हाती लागलं ते इथे लिहितो.

आधी प्रश्न, मग आकडे

एका कागदावर एकच प्रश्न लिहा. ‘मी टीममध्ये सगळ्यात आधी मरतो का?’ किंवा ‘रात्री उशिरा खेळलो की जास्त हरतो का?’ असा, हो किंवा नाही असं उत्तर येणारा. ‘माझा गेम कसा सुधारेल?’ हा प्रश्न चालणार नाही, कारण त्याचं उत्तर कोणत्याच रकान्यात नसतं.

नोंदी कुठे असतात

बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) या मोबाइल गेममध्ये सगळं गेमच्या आतच आहे. स्वतःच्या फोटोवर टॅप केलं की आकडेवारी आणि अलीकडच्या मॅचेस दिसतात. सोलो, डुओ, स्क्वॉड (एकट्याने, जोडीने, चौघांनी खेळलेल्या मॅचेस) हे वेगवेगळे बघा. क्लासिक (शेवटपर्यंत टिकायची मोठी मॅच) आणि टीडीएम (टीम डेथमॅच, दोन टीमची छोटी लढत) यांची तर एकमेकांशी तुलनाच करू नका. खालच्या टियरच्या (पातळीच्या) लॉबीत बॉट, म्हणजे कॉम्प्युटरने चालवलेले खेळाडू, भरपूर असतात, त्यामुळे तिथला फिनिशचा (किती जणांना मारलं त्याचा) आकडा फुगलेला असतो. त्यावर खूश होऊ नका. सेटिंगमध्ये डेथ रीप्ले (आपण कसे मेलो ते पुन्हा दाखवणारी सोय) मात्र आजच चालू करून ठेवा.

व्हॅलोरंटमध्ये ‘करिअर’मध्ये जाऊन मॅच उघडा आणि स्कोअरबोर्डवर न थांबता थेट ‘टाइमलाइन’वर जा. कोणत्या राउंडला कोणी कोणाला, कोणत्या बंदुकीने मारलं, हे तिथे ओळीने असतं. बाहेरच्या ट्रॅकर साइटवर आपलं प्रोफाइल दिसायला हवं असेल तर रायटच्या (गेम बनवणाऱ्या कंपनीच्या) खात्याने लॉग-इन करून परवानगी द्यावी लागते.

डोटा २ खेळत असाल तर सेटिंगमध्ये ‘एक्स्पोज पब्लिक मॅच डेटा’ चालू आहे का ते बघा. ते बंद ठेवून ओपनडोटा या आकडेवारीच्या साइटवर माझ्या मॅचेस का दिसत नाहीत म्हणून शोधत बसलेले लोक मला दर महिन्याला भेटतात. मॅच ताजी असतानाच तिथे पार्स करायला (रीप्लेतून आकडे काढायला) सांगा, कारण रीप्ले, म्हणजे मॅचचं रेकॉर्डिंग, मिळेनासा झाला की सविस्तर आकडेही मिळत नाहीत.

काउंटर-स्ट्राइक २ साठी ब्राउझरमध्ये स्टीमचं (हा गेम जिथून चालतो त्या सेवेचं) आपलं प्रोफाइल उघडा, गेम्सच्या यादीत हा गेम शोधा आणि त्याच्या मेनूतलं ‘पर्सनल गेम डेटा’ निवडा. प्रीमियर, कॉम्पिटिटिव्ह, विंगमन अशा खेळायच्या प्रकारांचे वेगळे टॅब आहेत. पान खाली सरकवलं की जुनी नोंद आणखी आणायचं बटण येतं. माझ्या मते नेमबाजीच्या खेळांतली ही सगळ्यात प्रामाणिक नोंद आहे. प्रत्येक मॅचला नकाशा, वेळ, कालावधी, आणि सगळ्या खेळाडूंचे पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन यायला नेटला लागणारा वेळ), किल, असिस्ट, डेथ, हेडशॉटची टक्केवारी.

ऑनलाइन बुद्धिबळ हाही दोघांचा ऑनलाइन खेळच आहे, आणि त्यात तर प्रत्येक चाल जपलेली असते. २०२५ च्या जुलैमध्ये नागपूरच्या दिव्या देशमुखने बाटुमीला कोनेरू हम्पीला हरवून महिला विश्वचषक जिंकला, तेव्हापासून आमच्या गल्लीतले पोट्टेही लीचेस ही बुद्धिबळाची साइट उघडून बसतात. त्यांच्यासाठी सांगतो: लीचेसवर ‘इनसाइट्स’ (आपल्या डावांचं विश्लेषण) फुकट आहे, आणि आपले सगळे डाव पीजीएन (चाली लिहिलेल्या) फाइलमध्ये उतरवूनही घेता येतात.

पासवर्ड कुठेही टाकू नका

बीजीएमआयचे आकडे दाखवतो म्हणून खात्याचा पासवर्ड किंवा ओटीपी मागणारी साइट ही चोराचीच आहे असं समजा आणि बंद करा. स्टीमच्या नावाने उघडणारी खोटी लॉग-इनची खिडकीही हुबेहूब असते. काउंटर-स्ट्राइकच्या विश्लेषणाच्या साइट्सना मॅचेस वाचायला स्टीमकडून मिळणारा वेगळा ऑथेंटिकेशन कोड द्यावा लागतो. तो कोड कधीही रद्द करता येतो, आणि तो पासवर्ड नव्हे.

आता अवघड भाग: वेळ

इथे मी चार महिने घालवले, म्हणून इथे थांबून वाचा.

माझा प्रश्न होता, ‘मी ठरावीक वेळेलाच हरतो का?’ स्टीमचं पान उघडलं, काउंटर-स्ट्राइकच्या साठेक मॅचेस एक्सेलसारख्या शीटमध्ये उतरवल्या. हरलेल्या मॅचेसच्या वेळा बघितल्या तर बहुतेक १९:३० ते २१:३० च्या दरम्यान. मी लगेच निष्कर्ष काढला: संध्याकाळी सगळी बिल्डिंग एकदम नेट वापरते, म्हणून मी हरतो. मग ब्रॉडबँडवाल्यांकडे तीनदा तक्रार केली, नवा राउटर घेतला, हॉलपासून वरच्या खोलीपर्यंत भिंतीवरून केबल ओढली. आईने त्या केबलवरून जे ऐकवलं ते वेगळंच. हरणं काही कमी झालं नाही.

शेवटी एका मित्राने शीट बघता बघता विचारलं, “अबे, या शनिवारी आठ वाजता तर आपण फुटाळा तलावावर होतो. मॅच केव्हा खेळला तू?”

पानावर प्रत्येक वेळेच्या शेवटी तीन अक्षरं होती: जीएमटी, म्हणजे इंग्लंडमधल्या ग्रीनिचची वेळ. आपली वेळ त्याच्या साडेपाच तास पुढे. २०:०० म्हणजे आपल्याकडे रात्रीचे दीड. मी ज्याला संध्याकाळ समजत होतो ती मध्यरात्र होती. दिवसभराचं काम करून, जेवून, दोन तास खेळून झाल्यावर ‘शेवटची एक’ म्हणत लावलेल्या मॅचेस होत्या त्या. वेळ नीट करून पुन्हा बघितलं तर बारापूर्वीच्या मॅचेसपैकी निम्म्याहून जास्त जिंकलेल्या, आणि साडेबारानंतरच्या चारातली जेमतेम एक. पिंगचा रकाना तर पहिल्या दिवसापासून स्कोअरच्या शेजारीच होता. जिंकलेल्या आणि हरलेल्या, दोन्ही मॅचेसमध्ये तो तिशीतच. नेटचा काही संबंध नव्हता, आणि हे सांगणारा पुरावा माझ्यासमोर चार महिने पडून होता.

म्हणून कोणतीही नोंद उतरवून घेताना पहिला प्रश्न हा विचारा: ही वेळ कुठली? काही साइट्स ब्राउझर बघून भारतीय वेळ दाखवतात, काही दाखवत नाहीत. उतरवून घेतलेल्या फाइल्समध्ये तर बहुतेक वेळा यूटीसी (जगभरची प्रमाण वेळ) असते. लीचेसच्या पीजीएनमध्ये तारीख आणि वेळ दोन्ही यूटीसीत लिहिलेल्या असतात, आणि यूटीसीपासूनही आपलं अंतर तेच साडेपाच तास. खात्री करायची सोपी रीत म्हणजे आज एक मॅच खेळा, संपल्यावर भिंतीवरच्या घड्याळातली वेळ कागदावर लिहा, आणि उद्या नोंदीशी ताडून बघा. पाच मिनिटांचं काम आहे. मी ते केलं नाही म्हणून राउटर विकत घेतला.

शीटमध्ये वेळ बदलताना दोन गोष्टी आडव्या येतात. एक, ‘जीएमटी’ ही अक्षरं शोधून काढून टाका. ती असतील तर शीट त्या मजकुराला तारीख मानत नाही आणि बेरीज होत नाही. दोन, सरळ साडेपाच मिळवू नका. शीटला एक म्हणजे एक अख्खा दिवस, त्यामुळे साडेपाच मिळवले तर मॅच साडेपाच दिवस पुढे जाते. साडेपाचला चोवीसने भागून आलेली संख्या मिळवायची.

आणखी एक गोष्ट मला फार उशिरा सुचली. कोणत्या तासाला खेळलो हे बघायचं तर भारतीय वेळ हवी. पण कोणत्या रात्री खेळलो हे बघायचं तर जीएमटीची तारीखच बरी. आपल्याकडे बारा वाजले की तारीख बदलते आणि एकाच बैठकीतल्या मॅचेस दोन दिवसांत विभागल्या जातात. जीएमटीची तारीख आपल्या पहाटे साडेपाचला बदलते, तोवर आपण झोपलेलो असतो. म्हणून दोन्ही रकाने ठेवा, जुना पुसू नका.

गट पाडताना

वेळ नीट झाली की मॅचेसचे दोनच गट पाडा. तुमच्या प्रश्नाला ‘हो’ म्हणणाऱ्या एका बाजूला, बाकीच्या दुसऱ्या बाजूला. एकाच शीटमध्ये नकाशा, बंदूक, मित्र, वार असं सगळं एकदम तपासायला गेलात तर काहीतरी जुळल्यासारखं दिसणारच, आणि तुम्ही ते खरं मानून बसाल.

दहा मॅचेसवरून काहीही ठरवू नका. साधं नाणं दहा वेळा उडवलं तरी सात किंवा त्याहून जास्त वेळा छापा पडण्याची शक्यता सुमारे १७ टक्के असते. म्हणजे ‘या आठवड्यात दहातल्या सात जिंकल्या, नवा माउस पावला’ असं म्हणणाऱ्याला कदाचित नाणंच पावलेलं असतं. माझा नियम असा की एका गटात निदान पंचवीस मॅचेस हव्यात, आणि फरक असा हवा की शीट न रंगवताही दिसावा.

सरासरी काढताना होणारी चूकही सांगून ठेवतो. एका मॅचमध्ये २० किल, २ डेथ. दुसरीत ५ किल, २० डेथ. पहिलीचा के/डी १०, दुसरीचा ०.२५. या दोघांची सरासरी काढली तर पाचाच्या वर जाते, आणि तुम्ही स्वतःला फार मोठे खेळाडू समजता. खरं तर एकूण किल २५, एकूण डेथ २२, म्हणजे के/डी सव्वालाही पोहोचत नाही. बेरजेला बेरजेने भागायचं, भागाकारांची सरासरी काढायची नाही.

काउंटर-स्ट्राइकच्या जुन्या नोंदी काढत असाल तर राउंडही मोजा. २०२३ च्या सप्टेंबरमध्ये नवा गेम आला तेव्हा जिंकायला १६ ऐवजी १३ राउंड पुरे झाले, म्हणजे ओव्हरटाइम (बरोबरी झाल्यावरचे जादा राउंड) सोडला तर मॅच जास्तीत जास्त ३० ऐवजी २४ राउंडांची झाली. ‘पूर्वी मी मॅचला बावीस किल काढायचो, आता सतराच’ असं म्हणून हळहळणाऱ्यांनी किलना राउंडांनी भागून बघावं.

रीप्ले

मॅच पूर्ण बघू नका, कंटाळून सोडून द्याल. फक्त स्वतःचे मृत्यू बघा, आणि तेही तुम्हाला ज्याने मारलं त्याच्या नजरेतून. त्याला तुम्ही किती आधी दिसलात, एवढंच टिपा. स्टीमच्या पानावरची रीप्लेची लिंक फार काळ टिकत नाही, म्हणून बघायच्या मॅचेस त्याच आठवड्यात उतरवून ठेवा. माझ्या मध्यरात्रीच्या दहा मॅचेस अशा बघितल्या तेव्हा कळलं की नेम तसाच होता. पण पावलांचा आवाज येत असताना मी नकाशाकडेही बघत नव्हतो, नुसता चालत होतो.

कधी बघायचं

मॅच हरलेल्या रात्री शीट उघडायची नाही. तेव्हा माणूस फक्त टीमचे दोष शोधतो. मी महिन्यातून एका रविवारी सकाळी बसतो, तर्री पोहे खाऊन झाल्यावर, कागदावरचा प्रश्न समोर ठेवून. उत्तर मिळालं की तो कागद फाडतो आणि नवा प्रश्न लिहितो. सध्याचा प्रश्न आहे: पहिला राउंड हरल्यावर दुसऱ्यात मी बंदूक विकत घेतो तेव्हा टीमकडे पैसे असतात का? अठरा मॅचेस नोंदवून झाल्यात, अजून सात हव्यात.