मधले तास गायब होतात तेव्हा रोजचं कसं निभवायचं

माझं निदान डिसोसिएटिव्ह ॲम्नेशिया, मनावरच्या ताणानं मधल्या आठवणीच गायब होतात. म्हणजे सांगलीत विश्रामबागला भाजी आणायला निघते आणि एकदम आयर्विन पुलावर उभी असते, मधला दीड तास कुठं गेला पत्ता नाही, घरी येऊन बघावं तर वहीत त्या हरवलेल्या वेळात मीच लिहिलेलं पान, पण अक्षर दुसरंच. असं ज्यांचं होतंय त्यांच्यासाठी लिहितेय.

आधी बी१२ आणि थायरॉईड तपासून घ्या, त्यानंही विसरायला होतं. अचानक विसरण्यासोबत तोंड वाकडं झालं, बोलणं अडखळलं तर लगेच दवाखाना.

मग वही. एकच, फ्रिजला दोरीनं बांधलेली. तारीख, वेळ, काय केलं, कुणाला किती पैसे दिले. दुसऱ्या अक्षरातलं पान फाडू नका हो. मी फाडायचे, हे मी लिहिलंच नाही म्हणून, आणि मग भिशीचे २००० दिलेत का नाही यावरून शेजारच्या वैनींशी भांडले, नोंद त्याच फाडलेल्या पानावर होती. आता मी त्याखाली उत्तर लिहिते, "दूध तापवलंस, बरं झालं." रागानं लिहिलं की पुढचे चार दिवस वही कोरी राहते, हे मी बघितलंय.

वस्तूंच्या जागा बदलू नका. अमेरिकेत हेन्री मोलेसन होते, १९५३ च्या मेंदूच्या ऑपरेशननंतर नवीन काही लक्षातच राहायचं नाही, तरी आरशात बघून चांदणी गिरवायला शिकले, हात सुधारत गेला, पण आधी कधी केलंय हे आठवायचं नाही. माझा आजार वेगळा, पण हाताच्या सवयीवर भरवसा ठेवायचा हे मी तिथून घेतलं. किल्ली खिळ्यालाच. गोळ्या सात कप्प्यांच्या डबीत, कप्पा रिकामा म्हणजे घेतलीय.

घरच्यांनो, लग्नात "ओळखलंस का मला, सांग बघू कोण?" हे बंद करा. माझी आत्या दारातूनच म्हणते, "मिरजेची आत्या गं मी, बस आधी," आणि माझी धडधड कमी होते. आठवणी जबरदस्तीनं उकरू नका, अंगात आलंय म्हणून कुठं नेऊ नका, मानसोपचार डॉक्टरांकडे न्या.

कुठं आहोत कळेना झालं तर पाय जमिनीला टेकवा, तोंडावर पाणी मारा, गावाचं नाव मोठ्यानं म्हणा. मी पर्समध्ये हळकुंड ठेवते, वास घेतला की सांगली. जीव नको वाटला तर १४४१६ ला फोन करा, टेली-मानस, सरकारची मानसिक आरोग्याची हेल्पलाइन, फुकट आहे, मराठीत बोलतात.

हळकुंडाशेजारी चिठ्ठी पण असते. नाव, पत्ता, आत्याचा नंबर, आणि खाली त्या दुसऱ्या अक्षरात, "घाबरू नको, रिक्षा कर, पैसे आतल्या कप्प्यात ठेवलेत."